जासुदाची भाषा, रद्दीची परिभाषा

कोणतीही हेरकथामालिका पुरेशी वर्षे चालली की तिच्याभोवती दोन निरनिराळे शब्दसंग्रह जमू लागतात. पहिला कथेच्या आतला असतो. त्यात नायकाचे नाव, त्याचे टोपणनाव, त्याची खूण, त्याचा साथीदार आणि दर दोन पुस्तकांनंतर परत येणारा त्याचा शत्रू यांचा समावेश होतो. दुसरा कथेच्या बाहेरचा असतो आणि तो ज्या कागदावर, ज्या पुठ्ठ्यात आणि ज्या हातांतून ती कथा फिरली त्यांच्याशी बांधलेला असतो. इयान फ्लेमिंग यांची जेम्स बाँड मालिका हे या दुहेरी शब्दसंग्रहाचे जगभर ठाऊक असलेले उदाहरण आहे. १९५३ मध्ये ‘कॅसिनो रॉयल’ प्रसिद्ध झाली तेव्हापासून ‘००७’ या आकड्यातील दोन शून्यांचा अर्थ, म्हणजे मारण्याचा परवाना, वाचकांना पाठ झाला. नायकाचे नाव फ्लेमिंग यांनी वेस्ट इंडीजमधील पक्ष्यांवर पुस्तक लिहिणाऱ्या एका पक्षिशास्त्रज्ञाकडून उचलले, ही माहितीही त्या मालिकेच्या पोतडीत कायमची जाऊन बसली. दुसऱ्या बाजूला, १९६५ मध्ये कॉर्गी कंपनीने काढलेल्या बाँडच्या खेळण्यातल्या मोटारीत छपरातून उडणारा छोटा माणूस अजून शाबूत आहे काय आणि मूळ खोके सोबत आहे काय, यावर तिची किंमत ठरवणारे संग्राहक निर्माण झाले.

मराठीत अशा मालिका थोड्या नव्हत्या, आणि त्यांचे वाचकही थोडे नव्हते. मात्र मराठीतील हे दोन शब्दसंग्रह अगदी वेगळ्या ठिकाणांहून आले आहेत. कथेच्या आतले शब्द बहुतांशी मराठेशाहीच्या फौजेतून आणि दप्तरातून उचललेले आहेत, तर कथेच्या बाहेरचे शब्द छापखान्यातून, गावच्या वाचनालयाच्या टेबलावरून आणि शेवटी रद्दीच्या तराजूवरून आलेले आहेत. सातारा आणि सांगली हे दोन जिल्हे या दोन्ही गोष्टी एकत्र पाहण्यास विशेष सोयीचे आहेत, कारण शिवकालीन हेरांच्या नाईकाची समाधी जिथे दाखवली जाते तो बाणूरगड, नाना फडणविसांचे दप्तर जिथे होते ती वाईजवळची मेणवली, आणि जुन्या रहस्यकथा ज्यांच्या माळ्यांवर अजून सापडू शकतात ती कराड–मलकापूरसारखी गावे एकाच कृष्णेच्या खोऱ्यात आहेत.

प्रथम मूळ शब्द पाहावा. ‘हेर’ हा मराठीत ‘हेरणे’ या क्रियापदाचा सख्खा भाऊ आहे. हेरणे म्हणजे नुसते पाहणे नाही. गर्दीत एखादी वस्तू किंवा माणूस नेमका टिपणे, आणि तेही समोरच्याला कळू न देता, असा त्याचा अर्थ आहे. ‘गुप्तहेर’ हा नंतरचा जोडशब्द असून तो काटेकोरपणे पाहिल्यास द्विरुक्तीच आहे, कारण उघड हेर हा हेरच नव्हे. तरीही रहस्यकथांनी तो इतका रुळवला की आता त्याला हटकण्यात अर्थ उरलेला नाही. ‘हेरगिरी’ या शब्दात देशी धातूला फारसी प्रत्यय जोडलेला आहे, जसा तो ‘दादागिरी’त आहे.

संस्कृत परंपरेत या विषयाची परिभाषा मराठीपेक्षा कितीतरी बारीक होती. कौटिल्याच्या अर्थशास्त्रात हेरांना ‘गूढपुरुष’ म्हटले असून त्यांचे एका जागी राहणारे आणि फिरते असे दोन वर्ग केले आहेत. पहिल्यात शिष्याच्या वेषातला कापटिक, संन्यास सोडलेला उदास्थित, शेतकऱ्याच्या वेषातला गृहपतिक, व्यापाऱ्याच्या वेषातला वैदेहक आणि जटाधारी तापस येतात, तर दुसऱ्यात सत्री, जिवावर उदार झालेला तीक्ष्ण, विष घालणारा रसद आणि भिक्षुकी यांचा समावेश होतो. यांतील ‘रसद’ शब्द मराठी वाचकाला चकवतो, कारण मराठीत रसद म्हणजे फौजेला पोचवायचे धान्य व दाणावैरण, आणि तो शब्द फारसीतून आलेला आहे. कौटिल्याचा रसद मात्र रस म्हणजे विष देणारा. आधुनिक हेरकथेचा सर्वांत आवडता प्राणी, म्हणजे दोन्ही बाजूंचा पगार खाणारा हेर, त्यालाही कौटिल्याने ‘उभयवेतन’ हे नाव देऊन ठेवले आहे. मराठी रहस्यकथाकारांनी हा शब्द उचलला नाही आणि त्याऐवजी ‘दुटप्पी’, ‘फितूर’ अशा ढोबळ शब्दांवर भागवले, ही या लेखनप्रकाराची एक हुकलेली संधी म्हणावी लागेल.

मराठेशाहीतील शब्द कौटिल्याचे नाहीत. ते दख्खनच्या सल्तनतींच्या कारभारातून आलेले आहेत. ‘जासूद’ हा अरबी ‘जासूस’चा मराठी अवतार आहे. तो हेरही असे आणि पत्रे पोचवणाराही असे, आणि वाटेत एकावर काही बेतले तर दुसरा पुढे जावा म्हणून जासूद बहुधा दोघे मिळून धाडले जात. म्हणून जुन्या पत्रांत ‘जासूद जोडी’ हा शब्दप्रयोग पुन्हा पुन्हा भेटतो. ‘हरकारा’ म्हणजे शब्दशः सर्व कामे करणारा, ‘नजरबाज’ म्हणजे नजर ठेवणारा, ‘कासीद’ म्हणजे निरोप्या. ‘वाकनीस’ हा शब्द ‘वाका’ म्हणजे घडलेली घटना आणि ती लिहिणारा यांतून बनलेला असून अष्टप्रधानांतील मंत्र्याचे ते जुने नाव होते. ‘अखबार’ म्हणजे परदरबारातून येणारे बातमीपत्र, आणि ते लिहिणारा तो अखबारनवीस. या शब्दांचे पुढे जे झाले ते गमतीचे आहे : ‘बातमीदार’ हेराच्या पंगतीतून उठून वर्तमानपत्राच्या कचेरीत जाऊन बसला, ‘अखबार’ हिंदीत सकाळच्या पेपराचे नाव झाला, आणि पोलिसांच्या पदरी मात्र बिचारा ‘खबऱ्या’ तेवढा उरला.

या सर्व शब्दांच्या मध्यभागी बहिर्जी नाईक हे नाव उभे आहे. छत्रपती राजाराम महाराजांच्या आज्ञेवरून कृष्णाजी अनंत सभासद यांनी जिंजी येथे लिहिलेल्या बखरीत बहिर्जीचा उल्लेख जासुदांचा प्रमुख म्हणून येतो, आणि जानेवारी १६६४ मधील सुरतेच्या स्वारीआधी त्या शहराची बातमी त्यानेच आणली असे ती बखर सांगते. बखर म्हणजे घटनांनंतर, बहुधा आज्ञेवरून, रचून सांगितलेला इतिहास. म्हणून इतिहासाचे अभ्यासक तिला अस्सल कागदाच्या, म्हणजे त्या त्या वेळी त्या त्या कामासाठी लिहिलेल्या पत्राच्या, खालची पायरी देतात. हा भेद मराठीत रुजवला तो विश्वनाथ काशिनाथ राजवाडे यांनी, आणि त्यांच्या ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ या मालेचा १८९८ मध्ये प्रसिद्ध झालेला पहिला खंड वाईत मिळालेल्या पत्रांवर उभा होता. वासुदेव, फकीर, पोतराज असे नाना वेष घेऊन बहिर्जी शत्रूच्या दरबारात वावरत असे, ही मात्र बखरीच्याही खालची, लोकपरंपरेची पायरी होय. अस्सल कागद, बखर, आख्यायिका आणि दंतकथा ही उतरंड एकदा ध्यानी घेतली की काल्पनिक हेराच्या भोवती जमणाऱ्या माहितीचीही तशीच वर्गवारी करता येते : लेखकाने पुस्तकात लिहिलेले, लेखकाने मुलाखतीत सांगितलेले, आणि वाचकांनी आपापसांत वाढवलेले.

सांगली जिल्ह्याच्या खानापूर तालुक्यातील बाणूरगडावर बहिर्जी नाईकांची समाधी दाखवली जाते. हाच गड म्हणजे जुन्या कागदांतला भूपाळगड असे सर्वसाधारणपणे मानतात. तो १६७९ मध्ये मुघल सरदार दिलेरखानाने घेतला तेव्हा तिथे फिरंगोजी नरसाळा हा किल्लेदार होता. हेराचे यश त्याच्या अदृश्य राहण्यात असते आणि त्यामुळे त्याच्याविषयी कागद उरत नाही, म्हणूनच जिथे कागद थांबतो तिथे समाधी आणि गोष्ट यांचे राज्य सुरू होते. याच्या अगदी उलट प्रकार मेणवलीचा आहे. नाना फडणवीस यांची बातमीदारी उत्तर पेशवाईत सर्वांना धाक बसवणारी होती, पण नाना मुळात हिशेबी कारकुनी परंपरेतले असल्यामुळे त्यांच्याकडे आलेला कागद जपला जाई, आणि मेणवली दप्तर या नावाने तो पुढे इतिहाससंशोधकांच्या हाती पडला. बहिर्जीची गोष्ट उरली आणि नानांचे दप्तर उरले. मराठी रहस्यकथेने दोहोंपैकी गोष्टीचा वारसा उचलला.

बहिर्जीच्या नावाशी लोकपरंपरेने आणखी एक गोष्ट जोडली आहे, ती करपल्लवीची. कर म्हणजे हात आणि पल्लव म्हणजे पालवी. हाताच्या बोटांनी अक्षरे सांगण्याची ही सांकेतिक पद्धत आहे, आणि तिची सख्खी बहीण ‘नेत्रपल्लवी’ आजच्या मराठीतही डोळ्यांनी बोलणाऱ्या जोडप्यांसाठी वापरात आहे. करपल्लवीच्या एका प्रचलित पद्धतीत वर्णमालेच्या आठ गटांना आठ खुणा दिलेल्या असून खुणेच्या नावाचे पहिले अक्षरच गट सांगते : अहि म्हणजे साप, त्याचा फणा ही स्वरांची खूण, कमळ ही क-वर्गाची, चक्र ही च-वर्गाची, टंकार ही ट-वर्गाची, तरू ही त-वर्गाची, पवन ही प-वर्गाची, यौवन ही य-र-ल-व या गटाची आणि शृंगार ही श-पासून पुढच्या अक्षरांची. आधी खूण करायची, मग त्या गटातले कितवे अक्षर ते बोटांनी दाखवायचे, आणि शेवटी बाराखडीतला कितवा स्वर तेही बोटांनीच दाखवायचे.

या रीतीने ‘मलकापूर’ हे नाव सांगायचे झाल्यास पहिल्या अक्षरासाठी पवनाची खूण, मग म हा त्या वर्गातला पाचवा म्हणून पाच बोटे आणि अकारासाठी एक बोट. ल साठी यौवनाची खूण, तीन बोटे आणि एक. का साठी कमळ, एक बोट आणि आकाराची दोन. पू साठी पुन्हा पवन, एक बोट आणि दीर्घ ऊकाराची सहा. आणि र साठी यौवन, दोन बोटे आणि एक. म्हणजे एका गावाचे नाव पाच खुणा आणि तेवीस बोटे एवढ्यात पोचते, तर शेजारचे ‘कराड’ तीन खुणा आणि दहा बोटांत आटोपते. भर बाजारात उभे राहून लांबच्या माणसाला सविस्तर मजकूर असा सांगणे किती कटकटीचे असेल हे यावरून समजते, आणि ही पद्धत वापरात असलीच तर ती नाव, आकडा, दिशा अशा तुटक गोष्टींपुरतीच असावी असे मानणे सयुक्तिक ठरते. गुप्त भाषेची हौस मराठी मुलांमध्ये आजही ‘च’च्या भाषेच्या रूपाने टिकून आहे, तिच्यात पहिले अक्षर शेवटी ढकलून त्याच्या जागी च ठेवतात, आणि मलकापूरचे ‘चलकापूरम’ होते. महानुभाव पंथाने तेराव्या–चौदाव्या शतकांत घडलेले आपले ग्रंथ पुढे सकळ लिपी, सुंदरी लिपी अशा सांकेतिक लिप्यांत जपून ठेवले, तेव्हा लपवून लिहिण्याची कला मराठीला नवी नव्हतीच.

आता कथांकडे वळता येईल. मराठीतील सर्वांत दीर्घ रहस्यकथामालिकांचे कर्ते बाबूराव अर्नाळकर, मूळ नाव चंद्रकांत सखाराम चव्हाण, हे १९०६ मध्ये जन्मले आणि १९९६ मध्ये वारले. त्यांच्या नावावर हजाराहून अधिक रहस्यकथा आहेत. झुंझार, काळापहाड, दर्यासारंग, धनंजय आणि त्याचा छोटू ही त्यांची पात्रे. त्यांच्यानंतरच्या पिढीत मूळचे गोव्याचे गुरुनाथ नाईक यांनी कॅप्टन दीप हा लष्करी हेर घराघरांत पोचवला आणि गोलंदाज, शिलेदार, धुरंधर, गरुड अशा नावांच्या मालिका लिहिल्या; सुहास शिरवळकरांनी दारा बुलंद, मंदार पटवर्धन, फिरोज इराणी आणि अमर विश्वास ही माणसे उभी केली. काटेकोर अर्थाने यांतील सर्वांना हेर म्हणता येत नाही. राज्याच्या शत्रूशी लढतो तो हेर, गुन्ह्याचा माग काढतो तो डिटेक्टिव्ह, आणि कायदा वाकवून न्याय करतो तो साहसी नायक असा भेद केला, तर कॅप्टन दीप पहिल्यात, धनंजय दुसऱ्यात आणि काळापहाड बहुतेक तिसऱ्यात पडेल. मराठी वाचकाने असा भेद कधी केला नाही. त्याच्यासाठी ‘रहस्यकथा’ या एका शब्दाच्या छत्रीखाली सगळे मावले.

नावे मात्र निरखून पाहण्यासारखी आहेत, कारण ती ओळीने वाचली तर एखाद्या जुन्या मोहिमेची हजेरी वाचल्यासारखे वाटते. झुंझारराव हा माणदेशातील घाटगे घराण्याचा जुना किताब होता. दर्यासारंग हे शिवकालीन आरमारातल्या अधिकाऱ्याचे पद. मायनाक भंडारी याच्या जोडीने ते कागदांत येते. शिलेदार म्हणजे स्वतःचा घोडा आणि स्वतःची हत्यारे घेऊन चाकरीला येणारा स्वार, तर सरकारी घोड्यावर बसणारा तो बारगीर. मालिकेचा नायक शिलेदारच होऊ शकतो, बारगीर होऊ शकत नाही, कारण रहस्यकथेच्या नायकाने स्वतःच्या बळावर आणि स्वतःच्या मोटारीतून यायचे असते. ‘गोलंदाज’ हा शब्द गोळा आणि फेकणारा या अर्थाचा फारसी ‘अंदाज’ यांतून झालेला, तिरंदाजाच्याच घडणीचा. तोफखान्यातून निघालेला हा शब्द क्रिकेटच्या मैदानावर कायमचा उतरल्यामुळे आज या मालिकेचे नाव ऐकणाऱ्या तरुणाला चेंडू टाकणारा खेळाडू आठवतो. काळापहाड या नावाचा मूळ धनी सोळाव्या शतकातला बंगालच्या करराणी सुलतानाचा सेनापती होता, आणि ओडिशातील देवळांच्या विध्वंसाशी त्याचे नाव जोडलेले आहे. इतके भीतीदायक नाव मराठीत लाडक्या नायकाला बसले, यात मराठी कानाला त्या नावातला ‘पहाड’च अधिक ऐकू आला असावा.

नावांची ही निवड नुसती सजावट नव्हती. बाँडच्या पाठीशी एक खाते, एक वरिष्ठ आणि एक आकडा असतो. मराठी नायकाच्या पाठीशी खाते नसले तरी किताब असतो. स्वतंत्र भारताची परदेशी हेरगिरी पाहणारी ‘रॉ’ ही संस्था १९६८ मध्ये स्थापन झाली, आणि त्याआधीच्या मराठी लेखकाला नायक उभा करायला इतिहासातली फौज हा सर्वांत जवळचा साठा होता. सातारा जिल्ह्यात तर हेरकथेचे काही शब्द पुस्तकाबाहेरही घरोघर बोलले गेले. १९४३ पासून नाना पाटलांच्या ब्रिटिशविरोधी प्रतिसरकारच्या काळात ‘भूमिगत’, ‘टेहळणी’, ‘फितूर’, ‘निरोप्या’ हे शब्द गावागावांत जिवंत होते, आणि जून १९४३ मध्ये पगाराची रक्कम नेणारी रेल्वेगाडी जिथे लुटली गेली ते शेणोली हे कराड तालुक्यातलेच गाव.

कथेच्या बाहेरच्या शब्दसंग्रहात शिरताना प्रथम ‘फर्मा’ हा शब्द हवा. छापखान्यात एका मोठ्या कागदावर एकदम छापून घडी घातलेल्या, बहुधा सोळा, पानांच्या जुडग्याला फर्मा म्हणतात. सहा फर्म्यांची रहस्यकथा म्हणजे शहाण्णव पाने. लेखकाला मजकूर फर्म्यांच्या हिशेबाने द्यावा लागे, आणि अनेक जुन्या रहस्यकथांच्या शेवटच्या दोन पानांत खलनायक ज्या घाईने पकडला जातो तिचे एक कारण या हिशेबात शोधायला हरकत नाही. शेवटच्या फर्म्यात पाने उरली तर तिथे त्याच मालिकेच्या इतर पुस्तकांची यादी छापत. आज संग्राहकाला मुख्य मजकुराइतकीच ही यादी मोलाची, कारण कोणते पुस्तक कोणत्या पुस्तकाच्या आधी निघाले हे ठरवायला ती कामी येते. मुखपृष्ठ म्हणजे पुढचे कव्हर, मलपृष्ठ म्हणजे मागचे, शीर्षकपृष्ठ म्हणजे आतले नावाचे पान, आणि त्याच्या पाठीमागच्या पानावर मुद्रक, प्रकाशक, आवृत्ती व किंमत. ‘आवृत्ती’ आणि ‘पुनर्मुद्रण’ यांत मजकूर सुधारून पुन्हा छापणे आणि आहे तसाच पुन्हा छापणे असा भेद असला, तरी स्वस्त पुस्तकांच्या व्यवहारात तो सर्रास धाब्यावर बसवलेला दिसतो.

स्वस्त कागदाचे हे पुस्तक जपण्यासाठी छापलेलेच नव्हते. ते एसटी स्टँडच्या स्टॉलवर विकले जाई किंवा गल्लीतल्या वाचनालयातून अनामत रक्कम आणि मासिक वर्गणी यांच्या बदल्यात फिरे, आणि चार-पाच हातांतच ‘खिळखिळे’ होई, म्हणजे शिवण सैल पडून पाने सुटू लागत. वाचनालय मग त्याला जाड पुठ्ठा घालून पुन्हा बांधून घेई, आणि त्या बांधणीत मूळ मुखपृष्ठ बहुतेक वेळा फेकून दिले जाई किंवा पुठ्ठ्याखाली चिकटवले जाई. त्यामुळे मुखपृष्ठासह टिकलेली प्रत दुर्मीळ झाली. कसर लागलेली, वाळवीने खाल्लेली, ओलीने पाने चिकटलेली, पिवळी पडून दुमडताच तुटणारी, असे प्रतीच्या अवस्थेचे शब्द मराठीत आहेत, पण ते सर्व घरगुती तक्रारीचे शब्द आहेत. त्यांची पायऱ्यापायऱ्यांची मोजपट्टी मराठीत तयार झालेली नाही. तराजूवर सगळ्या पुस्तकांचे वजन एकाच भावाने होते.

असे असूनही जुनी प्रत स्वतःविषयी पुष्कळ सांगते, फक्त तिला विचारण्याची रीत ठाऊक हवी. समजा एखाद्या रहस्यकथेच्या पहिल्या पानावर ‘मु. पो. मलकापूर, ता. कराड, जि. उ. सातारा’ असा रबरी शिक्का आहे. मु. पो. म्हणजे मुक्काम पोस्ट, हे सर्वांना ठाऊक असते. मलकापूर नावाची गावे बुलढाणा आणि कोल्हापूर जिल्ह्यांतही असल्यामुळे तालुका लिहिणे भाग पडते, हेही समजते. खरी गंमत ‘उ.’ या एका अक्षरात आहे. जुना सातारा जिल्हा १९४९ मध्ये उत्तर सातारा आणि दक्षिण सातारा असा दुभागला गेला, आणि १९६० मध्ये दक्षिण साताऱ्याला सांगली हे नाव मिळून उत्तर सातारा पुन्हा नुसता सातारा झाला. म्हणजे हा शिक्का त्या अकरा-बारा वर्षांतच बनवलेला असणार. तो झिजेपर्यंत वापरला गेला असेल, हे गृहीत धरून प्रत १९६० नंतरही दाखल झालेली असू शकते, पण शिक्का १९४९ पूर्वी उमटलेला असणे शक्य नाही. पुढे मलकापूर ग्रामपंचायतीतून नगरपंचायत आणि त्यानंतर नगरपरिषद झाले, त्या बदलाच्या खुणाही अलीकडच्या शिक्क्यांत अशाच शोधता येतील.

शिक्का प्रतीच्या प्रवासाविषयी बोलतो. छपाईविषयी किंमत बोलते. किंमत आण्यांत असेल तर पुस्तक १ एप्रिल १९५७ पूर्वीचे, किंवा फार तर त्या संक्रमणाच्या सुमाराचे, कारण त्या दिवशी सोळा आण्यांचा रुपया शंभर नव्या पैशांचा झाला. किंमतीपुढे ‘न. पै.’ असेल तर १९५७ ते १९६४ हा काळ, कारण जून १९६४ पासून ‘नये’ हे विशेषण गळून नुसते पैसे राहिले. प्रकाशकाच्या पत्त्यात ‘मुंबई ४’ असा एकआकडी विभाग आहे की ‘४०० ००४’ असा सहाआकडी पिनकोड आहे, हेही पाहावे. पिनकोड १५ ऑगस्ट १९७२ पासून सुरू झाला. शेवटचा साक्षीदार शुद्धलेखन. ‘नांव’, ‘कांहीं’, ‘नाहीं’ असे उच्चारात नसलेले अनुस्वार डोक्यावर असतील तर मजकूर बहुधा १९६२ च्या शुद्धलेखनविषयक नियमांच्या आधी जुळवलेला असतो. हा पुरावा मात्र जपून वापरावा लागतो, कारण खिळे जुळवणाऱ्याची सवय नियमांपेक्षा चिवट असते आणि जुना मजकूर पुनर्मुद्रणात जसाच्या तसा येतो. एकट्या खुणेने तारीख ठरत नाही. चार खुणा एकमेकींशी जुळल्या तर ठरते, आणि हे काम एखाद्या डिटेक्टिव्हच्या कामाहून फारसे वेगळे नाही.

इंग्रजी पुस्तकांच्या बाजारात वाचनालयाचा शिक्का असलेली पहिली आवृत्ती निकृष्ट मानतात आणि तिची किंमत पुष्कळ उतरते. हा निकष मराठी रहस्यकथेला जसाच्या तसा लावणे चूक आहे. बाँडचे पुस्तक विकत घेऊन कपाटात ठेवणारा वर्ग होता. झुंझारचे पुस्तक वर्गणीवर वाचणारा वर्ग होता, आणि त्या वाचकाचा एकमेव लेखी पुरावा म्हणजे शिक्का, दाखल क्रमांक आणि मागच्या चिठ्ठीवरच्या परतीच्या तारखा. तीन महिन्यांत वीस तारखा पडलेली चिठ्ठी त्या पुस्तकाच्या लोकप्रियतेविषयी कोणत्याही समीक्षेपेक्षा अधिक सांगते. शिक्क्याची प्रत ही मराठीत डागाळलेली नव्हे, वंशावळ असलेली प्रत मानली पाहिजे.

हे साधन वेगाने संपत आहे. स्वस्त कागद स्वतःच्याच आम्लाने जळत जातो, आणि कृष्णाकाठी त्यात पुराची भर पडते. ऑगस्ट २०१९ च्या महापुरात सांगली नगर वाचनालयाच्या ग्रंथसंपदेला मोठा फटका बसला. घरोघरच्या माळ्यांवर उरलेल्या प्रतींची नोंद कोठेही नाही. कराड, मलकापूर, विटा, सांगली या पट्ट्यात ज्यांच्या घरी अशी जुनी रहस्यकथा आढळेल त्यांनी ती रद्दीत घालण्यापूर्वी निदान मुखपृष्ठ, शीर्षकपृष्ठाची मागची बाजू, वाचनालयाचा शिक्का, परतीच्या तारखांची चिठ्ठी आणि शेवटच्या फर्म्यातली पुस्तकांची यादी, एवढ्या पाच पानांची छायाचित्रे काढून गावच्या वाचनालयाला द्यावीत.